वनस्पतींमधली दुसरी पिढी आली कुठून?

एम.एस्सी.च्या पहिल्या वर्षातल्या एका विद्यार्थिनीने विचारलंय: "गॅमेटोफाइट आणि स्पोरोफाइट आळीपाळीने येतात हे पाठ आहे. पण हे एकांतरण मुळात सुरू कसं झालं? शैवालांत दोन्ही पिढ्या होत्याच आणि त्या तशाच जमिनीवर आल्या, की स्पोरोफाइट ही नंतर पडलेली भर आहे? पुस्तकात होमोलॉगस आणि अँटिथेटिक असे दोन सिद्धांत दिलेत आणि 'मतभेद आहेत' म्हणून धडा संपवलाय."

हा धडा मी तीसेक वर्षं शिकवला, आणि बराच काळ मलाही 'मतभेद आहेत' यावरच थांबावं लागत होतं. आता तिथे थांबायचं कारण उरलेलं नाही. (नव्या वाचकांसाठी: गॅमेटोफाइट म्हणजे गुणसूत्रांचा एकच संच असलेली, अंडपेशी-शुक्रपेशी बनवणारी पिढी; स्पोरोफाइट म्हणजे दोन संच असलेली, बीजुकं बनवणारी पिढी.) थोडक्यात उत्तर असं: जमिनीवरच्या वनस्पतींचा स्पोरोफाइट ही भर आहे. त्यांच्या शैवाल पूर्वजांत द्विगुणित, म्हणजे दोन संचांची, अवस्था एका पेशीपुरतीच होती, ती पेशी म्हणजे फलनातून बनलेला झायगोट. त्या झायगोटने मायोसिस, म्हणजे संच निम्मे करणारं विभाजन, पुढे ढकललं, मधल्या वेळात साधी विभाजनं केली, आणि त्यातून नवं शरीर उभं राहिलं. म्हणजे उगमाच्या मुद्द्यावर अँटिथेटिक, म्हणजे 'भर' मानणारी, बाजू बरोबर ठरली. पण होमोलॉगस बाजूच्या लोकांनी दाखवलेल्या दोन गोष्टीही खऱ्या निघाल्या, आणि त्या घेतल्याशिवाय चित्र पुरं होत नाही.

आधी एक घोटाळा दूर करते. पुस्तकातलं वर्तुळ बघून वाटतं की एकांतरण हे वनस्पतींचं खास वैशिष्ट्य आहे. प्रत्यक्षात लैंगिक प्रजनन करणाऱ्या प्रत्येक सजीवात गुणसूत्रांचा एक संच आणि दोन संच यांची पाळी चालूच असते. आपल्यात एकगुणित, म्हणजे एका संचाची, अवस्था आहे, ती फक्त अंडपेशी आणि शुक्रपेशी यांच्यापुरती. स्पायरोगायरा या धाग्यासारख्या शैवालात उलट: सगळा हिरवा धागा एकगुणित आणि द्विगुणित काय तो एकटा झायगोट. या दोन्हींच्या तुलनेत वनस्पतींचं वेगळेपण इतकंच की दोन्ही अवस्थांत मायटोसिस, म्हणजे साधं पेशीविभाजन, होतं, म्हणून दोन्हींत अनेकपेशीय शरीर बनतं. तेव्हा प्रश्न असा मांडायला हवा: ज्या अवस्थेत एकच पेशी होती, तिथे मायटोसिस शिरलं कसं?

हे नुसतं वाचून मनात उतरत नाही. पावसाळ्यात जुन्या भिंतीवर किंवा जळलेल्या जमिनीवर फ्युनारिया या मॉसची गादी मिळते. तिच्यातून वर आलेल्या तांबूस दांड्याच्या टोकाला कोवळं बोंड असतं आणि बोंडावर लांब चोचीची पातळ टोपी. ती टोपी चिमट्याने अलगद उचला. दांडा आणि बोंड हे स्पोरोफाइट, म्हणजे मूल. टोपी मात्र मुलाची नाही. ज्या आर्किगोनियममध्ये, म्हणजे मादी अवयवात, अंडपेशी फळली त्याचीच ती भिंत, आईच्या एकगुणित पेशींची. मूल वाढताना ती फाटली आणि वरचा तुकडा त्याच्या डोक्यावर बसून वर गेला. कोवळेपणीच ती काढून टाकली तर बोंड नीट आकार घेत नाही, हे प्रयोगांनी दाखवलेलं आहे. आणि खाली दांड्याचं बूड आईच्या ऊतीत रुतलेलं असतं. तिथल्या पेशींच्या भिंतींना आतून घड्या पडलेल्या असतात, त्यामुळे अन्न शोषायला पृष्ठभाग वाढतो. हा आई-मुलाचा जोड डोळ्यांपुढे ठेवा. उगमाची सगळी गोष्ट या जोडाशी येऊन मिळते.

आता इतिहास, गरजेपुरता. वनस्पतींमधलं एकांतरण स्पष्टपणे पाहिलं ते विल्हेल्म हॉफमाइस्टर यांनी, 1851 साली. लाइपझिगमधल्या घरच्या पुस्तकांच्या आणि संगीतप्रकाशनाच्या व्यवसायात काम करणारा, वनस्पतिशास्त्र स्वतःच शिकलेला सत्तावीस वर्षांचा हा तरुण. मॉस, नेचे आणि सूचिपर्णी वृक्ष यांत एकच आराखडा चालू आहे हे त्यांनी दाखवलं, आणि तेही डार्विनचा उत्क्रांतीवरचा ग्रंथ येण्याच्या आठ वर्षं आधी. मॉसचा बोंडवाला दांडा आणि नेच्याचं मोठं पानांचं झाड ही एकच पिढी, हे तोवर कुणाच्या ध्यानात आलं नव्हतं.

मग वाद सुरू झाला. 1874 मध्ये चेलाकोव्स्की यांनी 'होमोलॉगस' आणि 'अँटिथेटिक' ही दोन नावं दिली. होमोलॉगस म्हणजे दोन्ही पिढ्या एकाच शरीराची दोन रूपं. अँटिथेटिक म्हणजे स्पोरोफाइट ही दोन गॅमेटोफाइट पिढ्यांच्या मध्ये घुसवलेली नवी पिढी. प्रिंग्सहाइम यांनी 1876 च्या सुमारास मॉसच्या बोंडाच्या दांड्याचे तुकडे ओल्या जागी ठेवले, तर त्यांतून बीजुकांशिवाय थेट हिरवे धागे, म्हणजे गॅमेटोफाइट, फुटले. त्याच्या थोडं आधी फार्लो यांना नेच्याच्या प्रोथॅलसवर (म्हणजे त्याच्या चपट्या गॅमेटोफाइटवर), फलन न होताच, स्पोरोफाइट उगवलेला दिसला होता. होमोलॉगस बाजूचं म्हणणं होतं की एक पिढी अशी सहज दुसरी बनत असेल, तर त्या मुळात वेगळ्या नाहीत. दुसऱ्या बाजूने एफ. ओ. बॉवर उभे राहिले, आधी 1890 च्या लेखात आणि मग 1908 च्या ग्रंथात. 1894 मध्ये स्ट्रासबुर्गर यांनी पिढ्यांचा बदल गुणसूत्रसंख्येच्या बदलाशी जोडला.

बॉवर यांच्या मांडणीचा एक भाग तुमच्या पुस्तकात आजही असणार: रिक्सिया, मग मार्कँशिया (या दोन्ही लिव्हरवर्ट, म्हणजे मॉसच्या नात्यातल्या चपट्या वनस्पती), मग अँथोसेरॉस, शेवटी फ्युनारिया, आणि या क्रमाने स्पोरोफाइटमधली वंध्य, म्हणजे बीजुकं न बनवणारी, ऊती वाढत गेली. ही मालिका समजायला सोपी आहे म्हणून टिकली. उत्क्रांतीचा क्रम म्हणून ती चुकीची आहे. रिक्सियाचा स्पोरोफाइट म्हणजे बीजुकांनी भरलेली नुसती पिशवी, ना बूड ना दांडा. पण रिक्सिया हा मार्कँशियाच्याच गटातला उशिराचा फाटा आहे, म्हणजे त्याचा साधेपणा कमावलेला आहे, मूळचा नव्हे. लाहोरचे शिवराम कश्यप, भारतीय ब्रायोलॉजीचे (मॉस-लिव्हरवर्टच्या अभ्यासाचे) जनक, यांनी सुमारे शंभर वर्षांपूर्वी हिमालयातल्या लिव्हरवर्टवरून नेमकं हेच मांडलं होतं, की या गटात घट होत आली आहे. आपल्याच देशात मांडलेली ही गोष्ट आपल्याच पुस्तकांत तळटिपेपुरती उरावी याचं मला फार वाईट वाटतं. परीक्षेत रिक्सियाची मालिका लिहायची वेळ आली तर 'ऐतिहासिक मांडणी' असं म्हणून लिहा.

मग स्पोरोफाइट भर आहे हे कशावरून? सर्वांत भक्कम पुरावा जवळच्या नातेवाइकांचा. जमिनीवरच्या वनस्पती ज्या हिरव्या शैवालांच्या शाखेतून आल्या, तीत कारा, कोलिओकीटी, स्पायरोगायरा आणि त्याची भावंडं येतात. या सगळ्या शाखेत एकाचंही अनेकपेशीय द्विगुणित शरीर माहीत नाही. सगळ्यांत झायगोट थेट मायोसिस करतो. होमोलॉगस बाजूचे लोक ज्या अल्व्हाचं उदाहरण देत (कोकणच्या किनाऱ्यावर ओहोटीला खडकांवर हिरव्या पातळ कागदासारखी दिसते तीच), तिच्यात खरोखरच दोन्ही पिढ्या हुबेहूब सारख्या असतात. पण अल्व्हा हिरव्या वनस्पतींच्या दुसऱ्याच मोठ्या शाखेत बसते, आणि तिथे एकांतरण स्वतंत्रपणे आलेलं आहे. तपकिरी शैवालांत ते तिसऱ्यांदा आलं. म्हणजे दुसऱ्या अवस्थेत मायटोसिस शिरणं ही फार दुर्मीळ घटना नाही. वनस्पतींच्या वाटेवर ती कशी घडली एवढंच शोधायचं.

इथे कोलिओकीटीपाशी थोडं थांबू. पाणवनस्पतींच्या देठांवर चिकटून राहणारी ही छोटी हिरवी चकती. हिची अंडपेशी पाण्यात सोडली जात नाही, चकतीवरच राहते आणि तिथेच फळते. मग शेजारच्या पेशी झायगोटवर चढत जातात आणि त्याला वेढून टाकतात. काही जातींत या वेढणाऱ्या पेशींच्या, झायगोटकडे तोंड असलेल्या भिंतींना आतून घड्या पडतात. फ्युनारियाच्या बुडाशी पाहिल्या तशाच! लिंडा ग्रॅहम आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी 1980 च्या दशकात हे इलेक्ट्रॉन सूक्ष्मदर्शकाखाली दाखवलं. झायगोट पोसला जातो, स्टार्च आणि तेलाने फुगतो, जाड भिंतीत कठीण काळ काढतो आणि मग एकातून 8 ते 32 बीजुकं सोडतो. नेहमीचं मायोसिस चारच पेशी देतं. इथे झायगोटमधला डीएनए आधीच अनेक पट झालेला असतो, म्हणून जास्त बीजुकं निघतात. म्हणजे एका फलनातून जास्त संतती मिळवण्याची सोय द्विगुणित शरीर नसतानाही होऊ शकते, आणि त्या सोयीला आईचं पोसणं लागतं.

बरीच वर्षं आम्ही वर्गात कोलिओकीटीला झाडांची आजी म्हणून दाखवत आलो. हे आता दुरुस्त करायला हवं. गेल्या दशकभरातल्या जनुकीय वंशावळींत जमिनीवरच्या वनस्पतींचा सर्वांत जवळचा शेजारी म्हणून स्पायरोगायराचा गट पुढे आला, आणि त्या गटात ना पोहणारी शुक्रपेशी आहे, ना आईवर राहणारा झायगोट. म्हणजे दोनच शक्यता: हे गुण समान पूर्वजात होते आणि स्पायरोगायराच्या गटाने गमावले, किंवा कोलिओकीटीने आणि वनस्पतींनी ते स्वतंत्रपणे मिळवले. मला पहिली जास्त पटते, कारण पोहणारी शुक्रपेशी आणि आईवर राहणारी अंडपेशी कारा, कोलिओकीटी आणि मॉस तिघांतही आहे, आणि स्पायरोगायराचा गट इतर बाबतींतही बराच साधा झालेला दिसतो. तेव्हा कोलिओकीटी आजी नव्हे, आत्या. पण घरातल्या जुन्या चाली आत्याकडे टिकलेल्या असतात, म्हणून तिच्याकडे बघण्याला अर्थ आहे.

आता जमिनीवर या. शुक्रपेशीला पोहायला पाणी लागतं. तळ्यात ते कायम असतं. जमिनीवर पावसाचा थेंब पडेल तेव्हा, आणि तेही काही सेंटिमीटरच्या टप्प्यात. मॉसमध्ये स्प्रिंगटेल आणि माइट यांसारखे बारीक जीवही शुक्रपेशी वाहून नेतात, हे 2006 मध्ये दाखवलं गेलं, तरी फलन दुर्मीळच. अशा वेळी जे एक फलन जुळलं त्यातून एकच रोप यावं, की हजार यावीत? स्पायरोगायरात एका झायगोटमधून एकच धागा उगवतो, मायोसिसच्या चारांपैकी तीन केंद्रकं मरतात. मॉसच्या बोंडात बीजुकं हजारांनी असतात, काही जातींत लाखांनी. झायगोटने मायोसिसआधी दहा वेळा साधी विभाजनं केली, तर हजार पेशी होतात आणि त्यांतून चार हजार बीजुकं. यातल्या प्रत्येक जास्तीच्या विभाजनाला निवडीचा फायदा आहे, म्हणून हा बदल एका उडीत न होता पायरीपायरीने होऊ शकतो. शिवाय मायोसिस हजार वेळा झाल्याने त्याच दोन आईबापांचे जनुक हजार तऱ्हांनी फेटले जातात.

द्विगुणित शरीरात घातक जनुकं झाकली जातात म्हणून स्पोरोफाइट आला, असंही पुस्तकांत असतं. स्पोरोफाइट पुढे मोठा आणि दीर्घायुषी का झाला, त्याला हे कारण चालेल. पहिल्या चार-सहा पेशींच्या स्पोरोफाइटला मात्र त्याने काय मिळालं असेल, हे मला कधी पटलेलं नाही.

दोन शरीरं इतकी वेगळी का झाली, हे मला जास्त मोलाचं वाटतं. फलनाला ओल हवी, म्हणजे जमिनीलगत राहायला हवं. बीजुक पसरायला कोरडा वारा हवा, म्हणजे उंच जायला हवं. एकाच शरीराला दोन्ही साधत नाही. मॉसच्या गादीत हे समोर दिसतं: हिरवी पानं ओलीला धरून खाली, बोंड दांड्यावर वर. आणि बीजुकाला वाऱ्यात तग धरायला हवा. कोलिओकीटीत स्पोरोपोलेनिन हे चिवट द्रव्य झायगोटच्या भिंतीत असतं. जमिनीवरच्या वनस्पतींत ते झायगोटवर नसून बीजुकावर असतं. म्हणजे तयार असलेलं कवच जीवनचक्रात पुढे सरकलं. झायगोट आता आईच्या पोटात सुरक्षित होता, कवचाची गरज बीजुकाला होती.

या कवचामुळेच जीवाश्मांत वनस्पती पहिल्यांदा दिसतात त्या बीजुकांच्या रूपात, सुमारे 47 कोटी वर्षांपूर्वीच्या खडकांत. दांडे आणि बीजुकाशय असलेले कुकसोनियासारखे स्पोरोफाइट त्यानंतर जवळपास चार कोटी वर्षांनी सापडतात. कुकसोनियाचे काही दांडे मिलिमीटरभरसुद्धा जाड नाहीत. इतक्या बारीक दांड्यात पाणी वाहणारी ऊती, आधार आणि बाहेरची साल धरली तर प्रकाशसंश्लेषणाला जागाच उरत नाही, असा हिशोब 2008 मध्ये केविन बॉइस यांनी मांडला. तसं असेल तर तो स्पोरोफाइटही आईच्याच जिवावर जगत होता.

आणि मग स्कॉटलंडमधलं ऱ्हायनी. सुमारे 40.7 कोटी वर्षांपूर्वी तिथल्या गरम झऱ्यांच्या सिलिकाने एक अख्खी दलदल पेशीपेशीसह गोठवून ठेवली. विल्यम मॅकी या डॉक्टरांनी 1912 च्या सुमारास तो दगड हेरला. किडस्टन आणि लँग यांनी 1917 ते 1921 या काळात त्यातल्या वनस्पतींचं वर्णन केलं. ते सगळे स्पोरोफाइट होते. गॅमेटोफाइट ओळखले गेले 1980 पासून, विन्फ्रिड रेमी आणि सहकाऱ्यांमुळे. ते नेच्याच्या प्रोथॅलससारखे चपटे नव्हते. उभे दांडे, त्यांना पर्णरंध्रं, आत पाणी वाहणारी ऊती, आणि टोकाला पेल्यासारख्या भागावर लैंगिक अवयव. स्पोरोफाइटपेक्षा लहान, पण बांधणी तीच. होमोलॉगस बाजूचा पहिला खरा मुद्दा हा: नवं शरीर एकदा आल्यावर दोन्ही पिढ्या एकमेकींच्या क्लृप्त्या वापरू शकत होत्या. आजची टोकाची असमानता नंतरची आहे, मॉसकडे एका दिशेने आणि नेचे-बीजधाऱ्यांकडे दुसऱ्या.

दुसरा मुद्दा जनुकांचा. प्रिंग्सहाइम आणि फार्लो यांनी पाहिलं ते खरंच होतं: गुणसूत्रांचा आकडा शरीराचं रूप ठरवत नाही. मग कोण ठरवतं? बँकेच्या लॉकरला दोन किल्ल्या लागतात, एक बँकेची, एक तुमची. क्लॅमिडोमोनास या एकपेशीय शैवालात एका गंतुकाकडे (लिंगपेशीकडे) बेल गटातलं एक प्रथिन असतं, दुसऱ्याकडे नॉक्स गटातलं. गंतुकं एक झाली की दोन्ही प्रथिनं जोडीने केंद्रकात जातात आणि झायगोटचा कार्यक्रम सुरू होतो. हे 2008 मध्ये अर्सुला गुडइनफ यांच्या गटाने दाखवलं. 'फलन झालंय' हे पेशीला कळण्याची ही खूण, आणि ती स्पोरोफाइट येण्याच्या कितीतरी आधीची आहे.

वनस्पतींनी हेच कुलूप पुढे वापरलं. 2013 मध्ये केइको साकाकिबारा आणि सहकाऱ्यांनी फिस्कोमिट्रियम या मॉसमधले नॉक्स-2 गटाचे जनुक काढून टाकले. फलन झालं, भ्रूण द्विगुणित होता, पण मायोसिस न होताच त्यातून गॅमेटोफाइटचे धागे निघाले. उलट दिशेनेही होतं: त्याच मॉसमध्ये बेल-1 जास्त चालवला की फलनाशिवाय स्पोरोफाइट येतो, आणि 2009 मध्ये दोन गटांनी दाखवलं की पॉलिकोंब हे आवर घालणारं यंत्र मोडलं की एकगुणित धाग्यांवर स्पोरोफाइटसारखी वाढ होते. म्हणजे एकाच जीनोममध्ये दोन्ही शरीरांच्या सूचना आहेत आणि मधे कुलूप आहे. एक्टोकार्पस या तपकिरी शैवालामध्येही याच कुळातले दोन जनुक हे काम करतात. त्यांतल्या एकाचं नाव शोधकांनी ठेवलंय 'संसार', जन्ममरणाच्या फेऱ्यावरून.

हे दोन मुद्दे आणि आधीचा नातेवाइकांचा पुरावा एकत्र ठेवा, म्हणजे उत्तरपत्रिकेत 'मतभेद आहेत' लिहावं लागणार नाही. एक गोष्ट अजून जोडा: नव्या वंशावळीत मॉस, लिव्हरवर्ट आणि अँथोसेरॉस मिळून एक शाखा होते आणि नेचे-बीजधारी तिची बहीण. पर्णरंध्रं दोन्हीकडच्या स्पोरोफाइटवर आहेत. तेव्हा दोन्हींच्या समान पूर्वजाचा स्पोरोफाइट रिक्सियाच्या पिशवीसारखा नसावा.

जुलै-ऑगस्टमध्ये महाबळेश्वरला किंवा आंबोलीला गेलात तर रस्त्याकडेच्या ओल्या मातीच्या उतारावर अँथोसेरॉस शोधा. चपट्या हिरव्या थॅलसमधून गवताच्या पात्यासारखी शिंगं वर आलेली असतात. एक शिंग बुडासकट काढा, उभा छेद घ्या आणि स्लाइड खालून वर सरकवत पाहा. बुडाशी, आईच्या ऊतीला लागून, पेशी अजून विभागत असतात. थोडं वर बीजुकमातृपेशी गोल होऊन सुट्या होत असतात, त्याच्या वर चारचारचे पुंजके, आणि टोकाला तपकिरी पिकलेली बीजुकं. झायगोटने मायोसिस पुढे ढकललं ते किती पुढे, हे त्या एका छेदात मोजता येतं.